दादा पेन्शन येतोय, गावाला डॉल्बी लावायचाय. काय करावं?

खटावची लेक
माझा मोठा भाऊ या महिनाअखेरीला पेन्शन येतोय, म्हणजे फौजेतून निवृत्त होऊन घरी. मराठा लाइट इन्फंट्री, हवालदार. बेळगावला सेंटरवर डिस्चार्जची कागदं चालू आहेत. मधे काही वर्षं आरआरमध्ये, म्हणजे राष्ट्रीय रायफल्समध्ये, काश्मीरला होता, तिथलं तो घरी एक अक्षर बोललेला नाही. त्याच्या सेक्शनमधला एक पोरगा त्याच्या शेजारीच गेला, हे पण आम्हाला त्याच्या मित्राकडून कळलं.

आता गावातल्या तरुण मंडळानं ठरवलंय, स्टँडपासून घरापर्यंत मिरवणूक. ओपन जीप, डॉल्बी, फटाक्याची माळ, बॅनर तर छापायला गेलासुद्धा. पोरांनी स्वतःच्या खिशातून वर्गणी काढलीय, प्रेमानं करतायत, तोंडावर नाही म्हणवत नाही. पण मागच्या दिवाळीत दादा सुट्टीवर होता तेव्हा गल्लीत सुतळी बॉम्ब वाजला आणि हा जेवता जेवता ताट सारून धाकटीला काखेत घेऊन भिंतीच्या कडेला खाली बसला. थोड्या वेळानं उठला, हसला, म्हणाला भाकरी गार झाली. वहिनीनं त्या रात्री मला सांगितलं की हे पहिल्यांदा नाही.

तर मिरवणूक काढू द्यावी का? आणि दुसऱ्या दिवसापासून आम्ही घरच्यांनी काय करावं? ज्यांच्या घरात फौजी आहेत त्यांनी सांगा, आपल्या जिल्ह्यात अशी घरं कमी नाहीत.

आरफळ कॅनॉल
काढा की. गेल्यावरच फुलं टाकायची का? धडधाकट घरी आलाय, गावाला आनंद होणारच. फटाके तेवढे गाळा.

तरुण मंडळ
मी असल्याच एका मंडळात आहे म्हणून लिहितो. आम्ही पण आमच्या मेजरांची काढली होती, डॉल्बीसकट. ताई तुम्ही जे ताटाचं सांगितलं ते वाचून गप्प झालो. आम्हाला कुणी असं सांगितलंच नाही कधी. पोरांना नीट समजावून सांगा, ऐकतील. फौजीसाठीच तर चाललंय सगळं.

सुभेदार (निवृत्त)
राम राम. माझी मिरवणूक निघाली होती. गावानं मान दिला, त्याचं ऋण आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण जीपमध्ये उभं केल्यावर माझी नजर सगळा वेळ माड्यांवर आणि गच्च्यांवर. कोण कुठल्या खिडकीत उभा आहे, गल्ली पुढं कुठं वळते, गर्दीत कुणाचे हात दिसत नाहीत. लोक हार घालत होते आणि मी हाराच्या आत हात घालून बघत होतो. कारगिलच्या वेळी आम्ही वर होतो, पुढं खोऱ्यात आरओपी केली, म्हणजे रोज सकाळी कॉन्व्हॉय जायच्या आधी रस्ता तपासायचा. ती सवय डिस्चार्ज बुकवर सही झाली म्हणून सुटत नाही. मला नागठाण्याच्या बाजारात नीट चालायला बरेच महिने लागले.

बहिणीला तीन गोष्टी सांगतो. किती मारले हे कुणी विचारू नये, पाहुण्यांना आधीच तंबी द्या. झोपेतून हात लावून उठवू नका, पायथ्याशी उभं राहून नावानं हाक मारा. आणि त्याच्या पलटणीतला जवळ राहणारा कोण आहे तो शोधा. घरच्यांना सांगता येत नाही ते पलटणीतल्या माणसाला न सांगता कळतं.

आणि मुख्य म्हणजे मिरवणुकीचं त्याला विचारलंय का कुणी?

मेजरीणबाई
सुभेदारसाहेबांनी फौजीची बाजू सांगितली, मी घरातली सांगते कारण ती कुणी लिहीत नाही.

आमचे हे पेन्शन आले तेव्हा सगळ्या आळीनं मला म्हटलं, आता काय बाई, सुख. अहो पण घर सगळं मी चालवत होते. विहिरीवरची मोटर जळली तर वायरमन मी आणायचा, सोसायटीचं कर्ज नवं-जुनं मी करायचं, सासऱ्यांचं मोतिबिंदूचं ऑपरेशन मी करून आणलं, पोराची दहावी मी काढली. आणि हे आल्यावर पहिल्या महिन्यात मला विचारतात की तेलाचा डबा इतक्या लवकर कसा संपला. पोरांना पहाटे पाचला उठवून अंगणात फॉलिन, म्हणजे फौजेसारखं रांगेत उभं करायचं. पोरगा कॉलेजचा, त्याला बाप म्हणजे सुट्टीत येणारा, काळ्या ट्रंकेतून खाऊ काढणारा माणूस, तो हुकूम द्यायला लागल्यावर त्यानं बोलणंच सोडलं. हे रात्रीचे ओट्यावर बसायचे. मी आतून बघायची पण बाहेर जायची नाही, कारण मला राग होता. खरं सांगते, मला राग होता की मी एवढी वर्षं एकटीनं ओढलं आणि आता ह्यांना सगळं चुकीचं दिसतंय.

सुटलं कशानं तर कामानं. दीर म्हणाले म्हशींचं तू बघ, आम्हाला कुणाला जमत नाही. डेअरीचं, वैरणीचं, सगळं ह्यांच्याकडं. तिथं कुणी आधीचं नव्हतं त्यामुळं कुणाशी भांडण नाही. आणि घरातलं पैशाचं माझ्याकडंच राहिलं, ते आम्ही बसून बोलून ठरवलं. तुमच्या वहिनीला विचारा तिला काय सोडायचंय आणि काय सोडायचं नाही. तिला सगळे गृहीत धरतील.

पाचवड फाटा
मेजरीणबाई, म्हशींवरून आठवलं. आमच्या चुलत्यांनी पेन्शन आल्यावर गोठ्यात प्रत्येक म्हशीच्या दाव्याला नंबर टाकले, बागेतल्या विटांना गेरू-चुना, घागरी उंचीप्रमाणं ओळीत. चुलती म्हणायची घर हाय का बरॅक. पण गावात सगळ्यात स्वच्छ गोठा त्यांचाच, डेअरीचा सुपरवायझर दुसऱ्यांना दाखवायला आणायचा.

भिलवडीकर
मी थोडं वेगळं मत मांडतो, राग मानू नका. माझे आजोबा ७१ ला होते, त्याच्या आधी ६५ ला पण. परत आले, दुसऱ्या दिवशी औताला उभे राहिले. त्यांना कुठं काही झालं? आता प्रत्येक गोष्टीला ताण, डिप्रेशन, काऊन्सिलिंग. आपण असं बोलून बोलून चांगल्या माणसाला आजारी ठरवतोय असं वाटतं. फौजी खंबीर असतो, त्याला खंबीरच राहू द्या.

कृष्णाकाठ
भिलवडीकर, तुमच्या आजोबांबद्दल मला काही म्हणायचं नाही, माझ्या अण्णांबद्दल सांगते. तेपण ७१ चे, जंगी पलटण, म्हणजे मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन, आजच्या बांगलादेशातल्या जमालपूरच्या लढाईत होते. गावात कुणालाही विचारा, सांगेल की अण्णा एकदम ठणठणीत, शिस्तीचा माणूस, कधी तक्रार नाही.

आमचा सगळा पट्टा उसाचा. तोडणी झाली की रानात पाचट पेटवतात. ज्यांनी ऐकलंय त्यांना माहीत आहे, वाळलेलं पाचट नुसतं जळत नाही, तडतड तडतड फुटतं, लांबून थेट गोळीबार वाटतो. रात्री शेजारच्या रानात पेटवलं की अण्णा उठायचे. दिवा लावायचे नाहीत. अंधारात आम्हा भावंडांच्या डोक्यावरून हात फिरवत मोजायचे, मग दाराला पाठ लावून बसायचे, सकाळपर्यंत. आई आम्हाला म्हणायची झोपा, अण्णांना ऊन लागलंय. हिवाळ्यात ऊन. लहानपणी आम्हाला ते खरंच वाटायचं. पुढं अण्णांनी आमच्या रानात पाचट पेटवणं कायमचं बंद केलं, सरीत आडवं घालून कुजवायचे. लोक म्हणायचे किती पुढारलेला शेतकरी.

ते औताला दुसऱ्या दिवशी उभे राहिले हे पण खरं आणि दाराला पाठ लावून बसले हे पण खरं. दिवसाचं गावानं बघितलं, रात्रीचं फक्त आईनं. तुमच्या आजीला कधी विचारलं होतं का?

भिलवडीकर
आजी आता नाही. पण वडिलांना विचारतो.

इतिहासवेडा कराड
या धाग्यावर अपशिंग्याचं नाव यायलाच हवं. अपशिंगे मिलिटरी, गावाच्या नावातच मिलिटरी. पहिल्या महायुद्धात त्या एका गावातले ४६ जण गेले, ब्रिटिशांनी तिथं स्मारक उभारलं, आजही आहे. त्या ४६ बद्दल सगळे बोलतात, बोलायलाच पाहिजे. पण आपल्या भागातले जे परत आले त्यांचं काय झालं हा विचार कुणी करत नाही.

मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, कुतच्या वेढ्यात सहाव्या पुणे डिव्हिजनबरोबर मराठ्यांच्या पलटणी होत्या. १४७ दिवस वेढा, खायला शेवटी घोडी आणि खेचरं, आणि २९ एप्रिल १९१६ ला शरणागती. पुढं कैदेत वाळवंटातून चालवत नेलं, त्यात किती तरी वाटेत पडले. त्यातून जे वाचले ते १९१८ च्या पुढं घरी यायला लागले. आणि घरी काय? १९१८ ला पाऊस नाही, दुष्काळ, आणि वरनं मानमोडीची, म्हणजे इन्फ्लुएन्झाची साथ. मुंबई बंदरातून शिरलेली ती साथ घाटावर गावंच्या गावं झोपवून गेली. म्हणजे जो माणूस कुतमधनं जगून आला त्याला कितीदा तरी दाराला कुलूप सापडलं असेल. त्या काळात इंग्लंडात निदान ‘शेल शॉक’ म्हणून डॉक्टर काही लिहीत तरी होते, १९१५ पासून. इकडं आपल्या माणसाला देवऋषाकडं नेलं असेल, दुसरं काय.

म्हणून भिलवडीकरांना सांगावंसं वाटतं, हे नवीन फॅड नाही. नाव नवीन आहे.

वारणा
माझे वडील शांतिसेनेत, श्रीलंका. १९८७ ला गेले. त्यांची तर मिरवणूक सोडाच, मार्च १९९० ला शेवटची तुकडी मद्रासला उतरली तेव्हा तिथले मुख्यमंत्री स्वागताला आले नव्हते. हजाराच्या वर जवान गेले त्यात. आणि आपल्याकडं लोकांना धड माहीतच नव्हतं की आपली फौज कुणाशी आणि कशासाठी लढत होती. वडील सांगायचे, कारगिलवाल्यांना टीव्हीनं ओळख दिली, आम्हाला तर पारावर सांगावं लागायचं की श्रीलंकेत पण लढाई झाली. त्यांना ते फार लागलं. म्हणून मी आरफळ कॅनॉल यांच्या बाजूचा. कसंही करा पण गावानं त्याला काहीतरी दाखवावं की आम्हाला माहीत आहे. काहीच न करणं पण वाईट.

मनोविचार
मी मानसोपचाराच्या क्षेत्रात काम करते, सातारा-सांगलीतले बरेच माजी सैनिक आणि त्यांच्या घरचे भेटलेत. थोडं नेमकं लिहिते.

परत आल्यावर सुरुवातीला झोप उडणं, चिडचिड, गर्दी नको वाटणं, हे पुष्कळांना होतं आणि बहुतेकांचं हळूहळू निवतं. तो आजार नव्हे. शरीर जिथं राहिलं तिथलं शिकून आलंय. पण महिना उलटला तरी तीच दृश्यं डोळ्यांपुढं येतायत, दचकणं कमी होत नाही, माणूस ठरावीक जागा, ठरावीक माणसं टाळतोय, दारू झोपेसाठी लागायला लागली, किंवा ‘मीच का वाचलो’ असं बोलायला लागला, तर मग थांबू नका. याला पीटीएसडी म्हणतात, १९८० पासून वैद्यकीय पुस्तकात त्याची नोंद आहे आणि त्याच्यावर उपचार आहेत. बोलण्याचे आहेत, औषधांचे आहेत. ‘मन मोठं कर’ हा उपचार नाही.

खटावची लेक, तुमच्या दादाचा जोडीदार शेजारी गेला हे महत्त्वाचं आहे. अशा माणसाला भीतीपेक्षा अपराधीपणा जास्त खातो. त्याला ‘तुझी काय चूक’ असं लगेच म्हणू नका, त्यानं बोलणं बंद होतं. त्या पोराचं नाव विचारा. तो कसा होता, काय चेष्टा करायचा ते विचारा. आणि नाही बोलला तर नाही.

ईसीएचएसमध्ये, म्हणजे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेत, मानसोपचार येतो, साताऱ्यात पॉलिक्लिनिक आहे, तिथून पुढं पाठवतात. ‘वेड्याचा डॉक्टर’ म्हणून जायला लाज वाटत असेल तर टेलिमानस ही सरकारी फोनसेवा आहे, १४४१६, चोवीस तास, फुकट, मराठीत बोलतात. वहिनीनं स्वतःसाठी फोन केला तरी चालतो, किंबहुना करावाच.

आरफळ कॅनॉल
नंबर सेव्ह केला. मेव्हण्यासाठी.

माणदेशी
सगळं बरोबर हाय पण पोटाचं कोण बोलणार. आमच्या माण-खटावात पाऊस नाही म्हणून तर पोरं भरतीला पळतात. सतराव्या-अठराव्या वर्षी गेलेला माणूस चाळिशीच्या आत पेन्शन येतो. पोरं शाळेत, घराचं कर्ज, पुढं अजून वीस वर्षं कमवायची. आणि काम काय मिळतं तर सिक्युरिटी.

मी स्वतः नायक म्हणून निघालो. पोस्टवर माझ्या शब्दावर माणसं हलायची, त्यांच्या जिवाची जबाबदारी माझी. आल्यावर पुण्यात एका मोठ्या सोसायटीच्या गेटवर लागलो. कंपनीचं नाव घेत नाही. बारा तास उभं, आणि एक पोरगा रोज गाडीतनं हॉर्न मारायचा, काच पण खाली करायचा नाही. मी सॅल्यूट मारायचो कारण कंपनीचा नियम. लढाईनं माझं जेवढं बिघडवलं नव्हतं तेवढं त्या गेटनं बिघडवलं. कामाला कमी लेखत नाही, पण ज्यानं माणसं सांभाळलीत त्याला तिथं फक्त बूम वर-खाली करायला ठेवतात.

आता दहिवडीला भरतीच्या पोरांना पहाटे ग्राउंडवर घेतो. फी नाममात्र. पण परत माणसं हाताखाली आली, कुणाला तरी माझं येणारं उपयोगी पडतंय. बायको म्हणती आता घोरताय, म्हणजे झोपताय. ताई, दादाला मिळेल ती नोकरी लगेच पकडायला लावू नका. पेन्शन चालू असते, घाई नसते. डीजीआरचे, म्हणजे फौजींच्या पुनर्वसनाच्या सरकारी खात्याचे, कोर्स असतात ते निघायच्या आधीच करायचे असतात, केलाय का विचारा.

सुभेदार (निवृत्त)
माणदेशी, शाबास.

पेठ नाका
अवांतर होईल पण लिहितोच, कारण सांगलीचा आहे आणि अभिमान आहे. मुरलीकांत पेटकर आमच्या पेठचे. ईएमईमध्ये, म्हणजे फौजेची यंत्रं-गाड्या दुरुस्त करणाऱ्या दलात जवान, आधी बॉक्सर. ६५ ला सियालकोट भागात गोळ्या लागल्या, कमरेखाली लुळे. पोहायला लागले आणि १९७२ ला हायडेलबर्गला ५० मीटर फ्रीस्टाइलमध्ये सुवर्ण, पॅरालिम्पिकमधलं भारताचं पहिलं. आणि पद्मश्री कधी? २०१८. म्हणजे ४६ वर्षांनी.

मी हे दोन कारणांनी सांगतो. एक, माणूस कुठून कुठं जाऊ शकतो. दुसरं, आपण किती उशिरा बघतो.

कृष्णाकाठ
पेठ नाका, पहिलं कारण जपून वापरा हं. प्रत्येक फौजीच्या घरी पाहुणे येऊन तेच सांगतात, अमक्यानं पाय नसताना एवढं केलं. अण्णांना त्याचा त्रास व्हायचा. पेटकरांना मुजरा आहेच, पण ज्याला रात्रीची झोप हवीय त्याच्यावर पदकाचं ओझं कशाला.

पेठ नाका
हे पटलं.

पोरगा भरतीचा
मी अग्निवीरची तयारी करतोय. चार वर्षांनी चौघातल्या एकालाच ठेवणार. बाकीच्यांना सेवानिधी, म्हणजे एकरकमी पैसे मिळतात पण पेन्शन नाही, ईसीएचएस पण नाही. वर मॅडमनी लिहिलंय ते उपचार मग आमच्यासाठी कुठं? आम्ही पण त्याच पोस्टवर उभं राहणार ना.

मनोविचार
तुझा प्रश्न अगदी रास्त आहे. सिव्हिल हॉस्पिटलमधला मानसोपचार विभाग आणि १४४१६ सगळ्यांसाठी आहे, अग्निवीरांसाठीही. पण फौजेचं वातावरण समजणारा डॉक्टर तिथं भेटेलच असं नाही, आणि ही व्यवस्था व्हायला हवी. पहिली तुकडी २०२३ च्या सुरुवातीला ट्रेनिंगला लागली, चार वर्षांचा हिशेब तूच कर. बाविशी-तेविशीतली पोरं परत येणार आहेत. गावांनी आत्तापासून विचार करावा.

माणदेशी
पोरा, दहिवडीला ये ग्राउंडवर. पळून पण घेऊ आणि हे पण बोलू.

जावळीचा
जे परत आलेच नाहीत त्यांची घरं पण या धाग्यात असू द्या. पोगरवाडीचे कर्नल संतोष महाडिक २०१५ ला कुपवाड्यात गेले, त्यांच्या पत्नी स्वाती महाडिक २०१७ ला स्वतः फौजेत अधिकारी झाल्या, हे जिल्ह्याला माहीत आहे. पण साध्या शिपायाची विधवा, जिला सासर-माहेर दोन्हीकडं पैशावरनं बोलणी खावी लागतात, तिच्याकडं वर्षश्राद्धानंतर कोण जातं? आमच्या गावात पंधरा ऑगस्टला बोलावतात, नारळ देतात, संपलं.

खटावची लेक
सगळ्यांचे प्रतिसाद वहिनीला वाचून दाखवले. मेजरीणबाई, तुमचा तिनं परत वाचायला लावला आणि मग म्हणाली की सोसायटीचं आणि बँकेचं मीच बघणार, बाकी त्यानं काहीही घ्यावं. हे ती इतक्या वर्षांत पहिल्यांदा तोंडानं बोलली.

आणि सुभेदारकाका, तुम्ही विचारलंत ते खरंच कुणी केलं नव्हतं. काल फोनवर दादाला विचारलं. आधी म्हणाला गावाला वाटतंय ते करू दे. मग मी दिवाळीचं नाव न घेता म्हटलं, तुला काय वाटतं ते सांग. बराच वेळ गप्प. मग म्हणाला, फटाके नकोत आणि जीपमध्ये उभं राहायला नको. मारुतीच्या देवळापर्यंत सगळ्यांबरोबर चालत येतो, नारळ फोडू, आणि गावजेवण घालू, खर्च मी करतो. आणि एक दिवस उशिरा येणार म्हणाला. बेळगावहून सरळ घरी नाही, आधी चंदगडला. जो गेला तो चंदगडचा होता. त्याच्या आई-वडिलांना भेटून मगच येणार. हे त्यानं स्वतः सांगितलं, मी विचारलं नव्हतं. मॅडम, तुम्ही म्हणालात म्हणून मी फक्त नाव विचारलं, आणि दादा अर्धा तास त्या पोराबद्दल बोलला.

मनोविचार
चंदगडहून आल्यावर तो दिवस-दोन दिवस गप्प असला तर घाबरू नका. आणि शक्य असेल तर त्याच्याबरोबर कुणीतरी जा. आत बसायची गरज नाही, गाडीत थांबलं तरी चालेल.

तरुण मंडळ
ताई, डॉल्बीच्या ऐवजी लेझीम ठेवा की. हलगी-लेझीम, दिवसाउजेडी. आणि मंडळाला सांगा, वर्गणी उरली तर जावळीच्या दादांनी लिहिलंय तसं आसपास अशी कुठली घरं असतील तर तिकडं जाऊन या. आम्ही पण यंदा तेच करणार, काल मीटिंगमध्ये विषय घेतला.

खटावची लेक
लेझीम चालेल म्हणाला! शाळेत असताना पुढच्या रांगेत असायचा. मंडळाच्या पोरांना दिवाळीचं सांगितलं, बॅनर परत छापायला टाकलाय, फटाक्यांची ऑर्डर रद्द.

भिलवडीकर
वडिलांना विचारलं. म्हणाले, तुझा आजोबा आयुष्यभर एकटा कधी बंद खोलीत झोपला नाही, दार उघडंच लागायचं, थंडीत पण. आम्हाला वाटायचं हवा लागते. मी माझं वरचं मत मागे घेतो.

सुभेदार (निवृत्त)
बरं आता कागदाचं. बहिणी, दादाला सांग डिस्चार्ज बुक हातात पडलं की बेळगाव सोडायच्या आधी पीपीओवर, म्हणजे पेन्शनच्या आदेशावर, बायकोचं नाव आणि जन्मतारीख आधार कार्डाशी अक्षर न् अक्षर जुळवून बघ. इकडं आल्यावर एका वेलांटीसाठी वर्षभर फेऱ्या होतात. बँकेत जॉइंट खातं, स्पर्श या पेन्शनच्या पोर्टलवर लॉगिन, ईसीएचएस कार्ड, आणि जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात नोंदणी करून माजी सैनिकाचं ओळखपत्र.

खटावची लेक
काका, वहिनीच्या आधारवर अजून माहेरचं आडनाव आहे.

सुभेदार (निवृत्त)
मग ते उद्याच्या उद्या बदलायला टाका. लग्नाचा दाखला आणि पार्ट टू ऑर्डरची, म्हणजे फौजेच्या रेकॉर्डमधल्या लग्नाच्या नोंदीची, नक्कल बरोबर न्या. सैनिक कल्याणला जायचं असेल तेव्हा इथं लिही, मी साताऱ्यातच असतो, बरोबर येतो.